माणूस कसा आहे?

"मी कुणालाच जज करत नाही" असं म्हणणाऱ्या माणसाबद्दल माझं मत मात्र लगेच बनतं. हे वाक्य सहसा कुणाबद्दल तरी भरपूर बोलून झाल्यावरच येतं. आधी अर्धा तास अमक्याच्या संसाराची, पैशांची, पोरांची चिरफाड करायची आणि मग हात झटकून म्हणायचं, "जाऊ दे बाई, आपण कोण ठरवणारे!" ठरवून तर कधीच झालेलं असतं.

त्यातला खोटेपणा मला एवढा खटकत नाही. खटकते ती त्यामागची समजूत, की दुसऱ्याबद्दल मत बनवणं हेच मुळात वाईट आणि सज्जन माणसं ते करत नाहीत. करतात. करावंच लागतं. तान्हं मूल कुणाच्या हाती सोपवायचं, उसने पैसे कुणाला द्यायचे, आजारपणात रात्री कुणाला उठवायचं, कुणापाशी मन मोकळं करायचं आणि कुणासमोर तोंडाला कुलूप घालायचं, यातला एकही निर्णय माणूस जोखल्याशिवाय घेता येत नाही. ज्याला खरोखरच कुणाबद्दल काही मत नाही, त्याला जग लुबाडून मोकळं होईल. तेव्हा मत बनवावं की नाही यावर माझा वाद नाही. मला सतावतं ते वेगळंच. बनलेलं मत केवढं मोठं होऊ द्यावं, आणि ते कुणाच्या हाती द्यावं?

मध्यंतरी एक फोन आला. "तुमच्याबरोबर पूर्वी काम केलेले एक गृहस्थ आमच्याकडे रुजू होताहेत. तुमचं नाव त्यांनीच दिलंय. माणूस कसा आहे?" आवाज तरुण होता. मागे कीबोर्डचा खडखडाट. म्हणजे मी जे बोलेन ते तिकडे कुठल्या तरी रकान्यात भरलं जाणार होतं.

मला त्या गृहस्थांबद्दल काय माहीत होतं? सकाळी उशिरा यायचे. घेतलेलं काम मात्र कधी अडवून ठेवलं नाही. एकदा हाताखालच्या मुलीवर सगळ्यांदेखत ओरडले होते, ती रडत बाहेर गेली होती. एकदा बैठकीत दुसऱ्याची चूक स्वतःच्या अंगावर घेतली होती, आणि ज्याची चूक होती त्याला मुळात चूक झाली होती हेच बहुधा अजून कळलेलं नाही. जेवणाच्या सुट्टीत एकटे बसायचे. बस, एवढ्या भांडवलावर मी अख्खा माणूस सांगायचा होता. आणि हे सारं एकाच कार्यालयातलं, एकाच तिरसट साहेबाच्या हाताखालचं. घरी ते कसे होते, मित्रांत कसे होते, आता कसे आहेत, यातलं मला काडीचंही ठाऊक नव्हतं.

"त्यांच्याकडे काम कसलं असणार आहे?" मी विचारलं. हिशेब तपासण्याचं, तो म्हणाला. मग मी हिशेबाबद्दल सांगितलं. आकडा जुळत नसला तर रात्र झाली तरी हे गृहस्थ खुर्चीवरून उठत नसत. हाताखाली माणसं असतील का, तेही विचारलं. दोन असणार होती. तेव्हा त्या ओरडण्याचंही सांगितलं, मी ते एकदाच पाहिलं होतं हे धरून.

"ते ठीक आहे हो," तो जरा कंटाळून म्हणाला, "पण एकंदरीत?"

एकंदरीत मला माहीत नाही, म्हटलं. पलीकडे कीबोर्ड थांबला. "माहीत नाही"साठी त्याच्याकडे रकाना नसावा.

त्या मुलाला हसण्यात अर्थ नाही. एकंदरीत माणूस कळावा ही हौस आपल्या सगळ्यांनाच असते. शितावरून भाताची परीक्षा करायची सवय आपल्याला इतकी अंगवळणी पडली आहे, की ती म्हण भातापुरतीच का खरी आहे हे आपण विसरतो. एका पातेल्यातली सगळी शितं एकाच पाण्यात, एकाच आचेवर शिजलेली असतात, म्हणून एक दाबून पाहिलं की बाकीच्यांचं कळतं. माणसाच्या कृत्यांना अशी एकच आच कुठे मिळते?

अमेरिकेत १९२० च्या दशकात ह्यू हार्टशोर्न आणि मार्क मे या दोघा संशोधकांनी हे तपासून पाहिलं. दहा हजारांहून अधिक शाळकरी मुलांना त्यांनी लबाडी करायची संधी मिळवून दिली. कुठे परीक्षेत उत्तरं बदलण्याची, कुठे खेळात गुण वाढवून सांगण्याची, कुठे पैसे ठेवून घेण्याची. आपण पकडले जाणार नाही असं मुलांना वाटेल, अशी सगळी मांडणी. १९२८ साली निष्कर्ष छापून आले तेव्हा चारित्र्य घडवण्याच्या धंद्यातले लोक बरेच हिरमुसले असणार, कारण मुलांची "प्रामाणिक" आणि "अप्रामाणिक" अशी सरळ वाटणी होईना. वर्गात कॉपी करणारा पोरगा पैशाला हात लावेलच असं नव्हतं, आणि पैशाला हात न लावणारी मुलगी खेळात बिनदिक्कत गुण वाढवत होती. एका प्रसंगावरून दुसऱ्याचा अंदाज अगदीच अंधुक येत होता.

यावरून काहींनी थेट दुसरं टोक गाठलं. स्वभाव, चारित्र्य वगैरे सगळं थोतांड, माणूस म्हणजे निव्वळ परिस्थितीचं बाहुलं. मला हे पटत नाही, आणि संशोधनही तिथे थांबलेलं नाही. १९७९ मध्ये मानसशास्त्रज्ञ सेमूर एपस्टाइन यांनी दाखवलं, की एकेका प्रसंगाऐवजी पुष्कळ दिवसांच्या वागण्याची सरासरी धरली तर सातत्य चांगलं दिसू लागतं. म्हणजे स्वभाव असतो. तो एका भेटीत दिसत नाही, एवढंच. वीस वर्षं शेजारी राहिलेल्या माणसाने "हा शब्दाचा पक्का" असं म्हटलं तर त्याला वजन आहे. लग्नाच्या पंगतीत एकदा भेटलेल्याने म्हटलं तर ते करमणूक म्हणून ऐकावं.

एकाच प्रसंगावरून मत बनवणं किती फसवं असतं, याचं सगळ्यात बोचरं उदाहरण धर्मशास्त्राच्या विद्यार्थ्यांचं आहे. जॉन डार्ली आणि डॅनियल बॅटसन या मानसशास्त्रज्ञांनी अमेरिकेतल्या प्रिन्स्टनच्या सेमिनरीत, म्हणजे धर्मगुरू घडवणाऱ्या विद्यालयात, केलेला हा प्रयोग १९७३ साली प्रसिद्ध झाला. विद्यार्थ्यांना एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत जाऊन छोटं भाषण द्यायचं होतं. काहींचा विषय होता बायबलमधली भल्या शोमरोन्याची कथा, रस्त्यात जखमी पडलेल्या परक्याला मदत करणाऱ्या माणसाची. वाटेत एका दारापाशी एक जण मान खाली घालून, खोकत, कण्हत बसवलेला होता. खरी पाहणी त्याच्यापाशी कोण थांबतं याची होती. काही विद्यार्थ्यांना सांगितलं होतं, वेळ आहे, सावकाश जा. काहींना म्हटलं होतं, उशीर झालाय, तिकडे तुमची वाट बघताहेत. सवड असलेल्यांपैकी ६३ टक्के थांबले. अगदी घाईतल्यांपैकी १० टक्के. भाषणाचा विषय काय होता याने म्हणण्यासारखा फरक पडला नाही. परोपकाराच्या कथेवर बोलायला निघालेले काही जण त्या कण्हणाऱ्याला अक्षरशः ओलांडून गेले.

प्रयोग लहान होता, जेमतेम चाळीस जणांचा. त्यावर सगळ्या मानवजातीचा निकाल लावू नये. पण आपण त्या बोळाच्या तोंडाशी उभे असतो तर काय म्हटलं असतं, ते मला नक्की माहीत आहे. "पुढचे धर्मगुरू म्हणे! दगड आहेत दगड." कुणाला कुणी घाई लावली होती, हे आपल्याला दिसलंच नसतं. दुसऱ्याची घाई बाहेरून कधी दिसत नाही. स्वतःची मात्र पुरेपूर जाणवते. म्हणून मी आज फटकून बोलले तर मला रात्रभर झोप नव्हती, आणि ती फटकून बोलली तर ती आहेच तशी. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. या म्हणीत नातीगोती, कुटुंब, पक्षपात सगळं आलं, पण मला वाटतं मुळात त्यात माहितीचा तुटवडा आहे. आपल्या बाब्याची सगळी हकीगत आपल्याजवळ असते. कार्ट्याचा फक्त दगड आपल्या खिडकीवर आलेला असतो.

आणि पहिल्यांदा जे कानावर पडतं ते फार चिवट असतं. मानसशास्त्रज्ञ सॉलोमन अॅश यांनी १९४६ मध्ये एका अनोळखी माणसाचं सहा विशेषणांत वर्णन केलं: बुद्धिमान, उद्योगी, उतावळा, टीकाखोर, हट्टी, मत्सरी. दुसऱ्या गटाला हीच सहा विशेषणं उलट क्रमाने ऐकवली, मत्सरी आधी आणि बुद्धिमान शेवटी. विशेषणं तीच, माणूस मात्र दोन झाले. पहिल्या गटाला तो थोडे दोष असलेला कर्तबगार वाटला. दुसऱ्या गटाला गुण असूनही दोषांनी खाल्लेला. आता हे रोजच्या बोलण्यात आणून पाहा. नवीन सून, नवा सहकारी, नवा शेजारी येण्याआधीच कुणीतरी आपल्या कानात पहिलं विशेषण टाकून गेलेलं असतं. त्यानंतर त्या माणसाने काहीही केलं तरी ते त्या विशेषणाच्या खातीच जमा होतं. गप्प राहिला तर आतल्या गाठीचा, बोलला तर आगाऊ.

इथवरचं सगळं मनातल्या मनात चालतं. खरी जोखीम पुढे आहे, ते मत तोंडाबाहेर पडल्यावर. माझ्या डोक्यातल्या चुकीच्या मताने नुकसान होतं ते बहुतेक माझंच, एखादा चांगला स्नेह हुकतो. बाहेर पडलेलं मत दुसऱ्याची अब्रू होऊन फिरतं आणि त्यावर कुणाचं नाव लिहिलेलं नसतं.

प्राचीन अथेन्समध्ये यासाठी रीतसर सोय होती. वर्षातून एकदा नागरिक ठरवू शकत, की कुणा एकाला दहा वर्षांसाठी हद्दपार करावं का. करायचं ठरलं की खापराच्या तुकड्यावर नाव कोरून टाकायचं. आरोप नाही, सुनावणी नाही, बचाव नाही. सहा हजारांचा आकडा गाठला गेला की एकाने गाव सोडायचं. इ.स.पूर्व ४८२ मध्ये अॅरिस्टायडीस नावाचा नेता असाच गेला. त्याला लोक "न्यायी" म्हणत. प्राचीन ग्रीक चरित्रकार प्लुटार्कने सांगितलेली गोष्ट अशी, की मतदानाच्या दिवशी एका निरक्षर माणसाने त्याला न ओळखता त्याच्याच हाती खापर दिलं आणि अॅरिस्टायडीसचं नाव लिहून द्यायला सांगितलं. त्याने तुझं काय वाकडं केलंय, असं विचारल्यावर तो म्हणाला, काही नाही, मी त्याला ओळखतही नाही, पण जिथे तिथे त्याला न्यायी म्हणतात ते ऐकून कंटाळा आलाय. अॅरिस्टायडीसने मुकाट्याने आपलं नाव लिहून दिलं. ही गोष्ट त्याच्या मोठेपणासाठी सांगितली जाते. मला त्यातला तो कंटाळलेला माणूस जास्त ओळखीचा वाटतो.

पण गोष्टीपेक्षा पुरावा भारी आहे. १९३० च्या दशकात अथेन्समधल्या अॅक्रोपोलिस टेकडीच्या उत्तर उतारावरच्या एका जुन्या विहिरीत अशी सुमारे १९० खापरं सापडली. जवळजवळ सगळ्यांवर एकच नाव, थेमिस्टोक्लीस या अथेन्सच्या नेत्याचं. आणि अक्षर तपासल्यावर लक्षात आलं, की ती लिहिणारे हात जेमतेम चौदा होते. म्हणजे कुणीतरी बसून आधीच ढिगाने नावं कोरून ठेवली होती, वाटण्यासाठी. मतदाराने फक्त घ्यायचं आणि टाकायचं.

"सगळेच म्हणतात तसं" हे वाक्य ऐकलं की मला ही विहीर आठवते. सगळे म्हणजे किती हात? बहुतेक वेळा शोध घेत गेलं की एकच माणूस सापडतो, त्याने दोघांना सांगितलेलं असतं, आणि त्या दोघांचं आपण स्वतंत्रपणे ऐकल्यामुळे आपली खात्री दुप्पट झालेली असते. "मी पाहिलं" आणि "मी ऐकलं" यांतलं अंतर बोलताना राखायचं, एवढं पथ्य पाळलं तरी निम्म्या बदनाम्या वाटेतच विरतील. वाक्य जरा लांबतं, किस्सा जरा फिका पडतो. पडू दे.

कायद्याने हे शहाणपण बऱ्यापैकी आधी ओळखलं होतं. १८७२ च्या भारतीय पुरावा कायद्यात तरतूद होती, की फौजदारी खटल्यात आरोपीचं पूर्वीचं वाईट चारित्र्य हा गुन्ह्याचा पुरावा धरता येणार नाही. त्याने आपणहून चांगुलपणाचे दाखले दिले, तर त्याला उत्तर म्हणून ते आणता येतं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही हे तत्त्व कायम आहे. त्यामागचा हिशेब साधा आहे. "हा तसलाच आहे" हे एकदा ऐकलं की या वेळी त्याने खरंच केलं का, हे पाहण्याची न्यायाधीशालाही निकड उरत नाही.

मात्र त्याच कायद्यात दुसरीकडे एक भोक होतं, आणि ते कुणासाठी ठेवलेलं होतं ते पाहण्यासारखं आहे. बलात्काराच्या खटल्यात तक्रार करणारी स्त्री "सर्वसाधारणपणे अनैतिक चारित्र्याची" आहे असं दाखवून तिच्या साक्षीची विश्वासार्हता पाडायला मुभा होती. आरोपीचा भूतकाळ दाराबाहेर, तिचा मात्र कोर्टाच्या मधोमध. ते कलम २००२ च्या दुरुस्ती कायद्याने निघालं, म्हणजे तब्बल १३० वर्षांनी. कलम गेलं. नजर गेली असं म्हणायला मी धजावत नाही. दोघांबद्दलची एकच बातमी वाचताना लोकांचा पहिला प्रश्न अजूनही तिच्या वेळेबद्दल, कपड्यांबद्दल आणि सोबतीबद्दल असतो.

हे इतकं सगळं लिहिल्यावर एखाद्याला वाटेल, मग गप्प बसावं हे बरं. मला ते मुळीच बरं वाटत नाही. गप्प बसणाऱ्यांनी केलेलं नुकसान कुणाच्या नावावर मांडलं जात नाही, म्हणून ते लहान दिसतं. कामाच्या ठिकाणी एखादा साहेब मुलींच्या अंगचटीला जातो, हे अख्ख्या मजल्याला ठाऊक असतं. नव्या मुलीला मात्र कुणी सांगत नाही, कारण "उगाच कुणाची बदनामी कशाला". प्रकरण अंगाशी येऊ लागलं की त्याला शाल, श्रीफळ आणि उत्तम वर्तणुकीचं प्रशस्तिपत्र देऊन सन्मानाने निरोप दिला जातो. मग पुढच्या ठिकाणच्या मुलींची पाळी. ते पत्र लिहिणारे लोक वाईटपणा घ्यायला नको म्हणून गोड लिहितात, आणि त्या गोडव्याची किंमत चुकवणारी माणसं त्यांच्या ओळखीची नसतात. याला मी उदारपणा म्हणणार नाही. तो दुसऱ्याच्या खिशातून केलेला दानधर्म आहे.

म्हणून मला त्या फोनवर सुचलेला प्रश्न, काम कसलं आहे, दिवसेंदिवस जास्त पटू लागला आहे. मत कशासाठी हवंय? ज्याला पैसे सांभाळायचे आहेत त्याच्या पैशांच्या व्यवहाराबद्दल बोलावं, त्याच्या घटस्फोटाबद्दल नाही. जो मुलांना शिकवणार त्याच्या मुलांशी वागण्याबद्दल बोलावं आणि तिथे मात्र भीड बाळगू नये. ज्याला काहीच ठरवायचं नाही, नुसतंच ऐकायचं आहे, त्याला काही न सांगितल्याने कुणाचं बिघडत नाही. अर्थात असा हात आखडता घेतला की गप्पांची मजा जाते, हे मान्य. कुणाच्या तरी वागण्याचा कीस काढण्यात एक सुख आहे आणि ते मलाही हवं असतं. मी एवढंच पाहते, की ज्याचा कीस पडतोय त्याची भाकरी ऐकणाऱ्याच्या हातात नाही ना.

राहिला प्रश्न मताच्या मुदतीचा. ब्रिटनमध्ये १९७४ च्या एका कायद्याने ठरावीक काळ पुन्हा गुन्हा न केलेल्या माणसाची बरीचशी जुनी शिक्षा "संपली" असं मानायची सोय केली. २०१४ मध्ये युरोपीय संघाच्या न्यायालयाने एका स्पॅनिश गृहस्थाच्या अर्जावर म्हटलं, की नाव शोधल्यावर दिसणाऱ्या कालबाह्य माहितीच्या दुव्यांना हटवण्याची मागणी गूगलकडे करता येते. त्यांची तक्रार १९९८ सालच्या, त्यांच्या थकबाकीपोटी निघालेल्या लिलावाच्या नोटिशींबद्दल होती. विसरलं जाण्याचा हक्क त्यांनी जिंकला आणि नेमकी तीच थकबाकी जगभरच्या कायद्याच्या पुस्तकांत जाऊन बसली. कायदा मुदत घालू शकतो. आठवणीला मुदत घालणं ज्याचं त्याच्याकडे.

आमच्या एका छोट्या मंडळात असाच एक जण आहे. पुष्कळ वर्षांपूर्वी त्याने मंडळाचे पैसे वापरले होते. उघड झालं, तो रडला, हप्त्याहप्त्याने सगळे फेडले. हे आता जुन्या चारपाच जणांनाच माहीत आहे. गेल्या निवडीत एका नव्या सभासदाने खजिनदार म्हणून त्याचंच नाव सुचवलं, कारण त्याच्याइतका राबणारा दुसरा कुणी नाही, आणि ते खरंही आहे. माझ्या आईच्या आजारपणात अपरात्री गाडी काढून आलेला तोच होता. तरीही पैसे त्याच्याकडे देऊ नयेत असं माझं स्पष्ट मत होतं.

सभेआधी मी त्याला गाठलं. म्हटलं, "तुझं नाव आलंय. तू नकार देणार, की मी बोलू? मागून बोलणार नाही, म्हणून आधी तुला विचारते."

तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "नुसता नकार दिला तर पुढच्या वर्षी पुन्हा सुचवतील. मीच सांगतो काय ते." आणि सभेत उभं राहून त्याने सांगितलं, रकमेसकट. खजिनदार दुसरा कुणी झाला, कार्यक्रमांची सगळी जबाबदारी एकमताने त्याच्याकडे आली.

दोघांनी त्यानंतर त्याच्याशी बोलणं तोडलं. त्यातला एक तो, ज्याने नाव सुचवलं होतं. मी त्याला समजावून पाहिलं, पैसे केव्हाच फिटले, त्याने स्वतः उभं राहून सांगितलं, वगैरे. तो म्हणाला, "तुमच्याकडे मधली सगळी वर्षं आहेत. मला तर हे परवाच कळलंय." यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. नाव सुचवणारा आणि ज्याचं नाव सुचवलं तो, दोघं अजून एकाच खोलीत, एकाच टेबलाच्या दोन टोकांना बसतात, आणि निरोप माझ्यामार्फत देतात.